बारीक आवाज

आमच्या घरात गाणं ऐकायचं म्हणजे आधी आवाज बारीक करायचा आणि मग बटण दाबायचं, असा क्रम होता. १९९४ साली लग्न होऊन मी टिळकवाडीतल्या या घरात आले, तेव्हा माझ्या सामानात चार कॅसेटी होत्या. तीन भक्तिगीतांच्या, माहेरच्यांनी दिलेल्या. चौथी माझी स्वतःची, शिकवण्यांच्या पैशांतून घेतलेली. ब्रायन ॲडम्सची ‘सो फार सो गुड’. आदल्याच वर्षी, १९९३च्या नोव्हेंबरात निघालेली. त्याच्या तोवरच्या गाजलेल्या गाण्यांचा तो संग्रह होता. आपल्याकडे ‘निवडक अमुक’ म्हणून पुस्तकं निघतात ना, तसलाच प्रकार.

टेपरेकॉर्डर स्वयंपाकघरातल्या फडताळावर असायचा. ‘समर ऑफ सिक्स्टी-नाइन’ सुरू झालं, की बाहेरच्या खोलीतून आत्ती, म्हणजे माझ्या सासूबाई, म्हणायच्या, “बारीक कर की गं जरा.” रागानं नव्हे हं. घरात जाणारे-येणारे असत, मामंजींचं वाचन असे. मी बारीक करायची. पुढं पुढं त्यांनी सांगायच्या आधीच बारीक करून ठेवायची. कुकरची शिट्टी, मिक्सर, नळाचं पाणी आणि या सगळ्याच्या तळाशी कुठं तरी तो कॅनडाचा घोगऱ्या गळ्याचा माणूस. कॅसेट झिजली, मग सीडी आली, मग मुलानं मोबाइलमध्ये एमपीथ्री भरून दिलं. साधनं बदलली, आवाज तेवढाच राहिला.

एकदा पेपरात आलं की हा गायक मांसमच्छी तर सोडाच, दूधतूपही घेत नाही. मी ते आत्तींना मोठ्यानं वाचून दाखवलं. त्या म्हणाल्या, “दूधही नाही? मग आपल्यापेक्षा कडक की गं!” त्या दिवसापासून आमच्या घरात त्याचा दर्जा सुधारला. आवाजाची पातळी मात्र सुधारली नाही.

गेल्या दिवाळीत मुलगा आला आणि माझा मोबाइल बघून म्हणाला, “आई, तू अजून हे असलं ऐकतेस? आता लॉसलेस मिळतं.”

लॉसलेस म्हणजे तोटा न झालेलं. संसारी बाईला तोट्याशिवाय काही मिळतंय म्हटलं, की कान टवकारणारच. म्हटलं, सांग बाबा काय ते. त्यानं सांगितलं, मी चार ठिकाणी वाचलं, आणि जे कळलं ते माझ्या भाषेत तुम्हांला सांगते.

सीडीवर गाणं नोंदवताना एका सेकंदात आवाजाची ४४,१०० वेळा मोजदाद होते. प्रत्येक मोजणीत ६५,५३६ पायऱ्यांपैकी आवाज कोणत्या पायरीवर आहे ते लिहिलं जातं. हे डाव्या आणि उजव्या कानासाठी वेगवेगळं. एवढे सगळे आकडे साठवायचे म्हणजे जागा फार लागते. तासाभराच्या आल्बमला सहाशे एमबीच्या वर. पूर्वी एवढी जागा कुणाकडं होती? मग ती वाचवायच्या दोन तऱ्हा निघाल्या.

एक तऱ्हा साडीच्या घडीसारखी. नऊ वारी साडी घडी घातली की हातभर जागेत मावते आणि उलगडली की एक धागाही कमी होत नाही. २००१ साली आलेलं ‘फ्लॅक’ हे असं घडी घालणं आहे. जागा साधारण निम्मी ते दोन तृतीयांश लागते, पण उलगडल्यावर सीडीवर होता तो प्रत्येक आकडा जागच्या जागी. हेच लॉसलेस.

दुसरी तऱ्हा एमपीथ्रीची. ती म्हणते, साडीचा जो भाग आत खोचला जातो तो कुणाला दिसतो? कापून टाका. निऱ्यांच्या आतल्या पदराचं तरी काय काम? तोही कापा. नेसल्यावर बाहेरून तशीच दिसली म्हणजे झालं. १२८च्या एमपीथ्रीत मूळ आकड्यांच्या अकराव्या हिश्श्याएवढंच उरतं. आणि एकदा कापलेलं परत जोडता येत नाही. एमपीथ्रीचं कुणी पुन्हा फ्लॅक करून दिलं, तर ती कापलेल्या साडीची व्यवस्थित घातलेली घडी, बाकी काही नाही. असली फाईल ‘लॉसलेस’ म्हणून कुणी दिली तर फसू नका.

काय कापायचं, हे एमपीथ्री कसं ठरवतं? मला यातलीच गोष्ट सगळ्यांत लागली. माणसाच्या कानाचा एक स्वभाव आहे. मोठ्या आवाजाला लागून, त्याच्याच जवळपासच्या पट्टीतला बारीक आवाज असला, तर मोठा त्या बारक्याला झाकून टाकतो. दोन्ही आवाज खोलीत असतात, पण कानाला एकच कळतो. एमपीथ्री बनवणाऱ्यांनी या स्वभावाचा हिशेब मांडला. झाकला जाणारच आहे, तर त्याची नोंद कशाला नीट ठेवायची? ती ढोबळ करा, नाही तर सोडून द्या.

मी हे वाचलं आणि चष्मा काढून ठेवला. आमच्या मोठ्या घरात जमिनीच्या वाटणीची, लग्नांची, दुकानाची किती बोलणी झाली. मोठे काका बोलायचे. त्याच वेळी त्याच विषयावर धाकट्या काकूही काही तरी बोलायच्या. दुसऱ्या दिवशी विचारावं तर उत्तर यायचं, “ती कुठं काय बोलली?” बोललेलं ऐकू आलं नाही, म्हणून बोललीच नाही अशी नोंद. त्या आता नाहीत. ती नोंद आता कोण आणि कुठून दुरुस्त करणार?

असो. गाण्याकडं येते.

मुलानं तारेचे चांगले हेडफोन दिले. बिनतारी नकोत म्हणाला, कारण साध्या ब्लूटूथवरून जाताना आवाज पुन्हा छाटला जातो. म्हणजे दुकानातून अख्खी साडी आणायची आणि घराच्या दारात कापायची. आमचं जेवण दिवस मावळायच्या आत होतं, त्यामुळं संध्याकाळी सातनंतर मी मोकळी असते. खोलीचं दार लावलं, खुर्चीत बसले आणि लॉसलेस ‘सो फार सो गुड’ पहिल्या गाण्यापासून चौदाव्यापर्यंत ऐकलं. आवाज मुलानंच लावून दिला होता, भरपूर मोठा.

काय सांगू! ‘रन टू यू’ची सुरुवातीची गिटार मला पाठ आहे, पण तिच्या खाली बास गिटार चालते हे मला तीस वर्षांत माहीत नव्हतं. ‘स्ट्रेट फ्रॉम द हार्ट’मध्ये त्याचा गळा कुठं खरबरीत होतो आणि कुठं मऊ, ते समोर बसल्यासारखं कळलं. ‘इट्स ओन्ली लव्ह’मध्ये त्याच्याबरोबर टीना टर्नर आहे. मी इतकी वर्षं ते दोन घोगरे आवाज मिळून एकच समजत होते. आता ऐकलं तर ही बाई आल्या आल्या गाण्याचा ताबा घेते आणि तो पाहुण्यासारखा बाजूला सरकतो. १९८४ साली ‘रेकलेस’ या आल्बमात हे गाणं आलं, तेव्हा ती चव्वेचाळीस वर्षांची होती. संसार मोडून, शून्यातून पुन्हा उभी राहिलेली. त्या आवाजाला कोण बाजूला सारणार?

मी बाहेर येऊन मुलाला म्हटलं, “लॉसलेसची कमाल आहे बाबा.” तो हसला. शास्त्र शिकलेला मुलगा, पुराव्याशिवाय ऐकेल कसा? म्हणाला, “आई, परीक्षा घेऊया.”

त्यानं एकच गाणं दोन तऱ्हांनी लावलं, एक लॉसलेस आणि एक चांगल्यातलं, ३२०चं एमपीथ्री. दोन्हींचा आवाज सारखा ठेवला. कुठलं कोणतं ते मला सांगितलं नाही. दहा वेळा विचारलं. माझी सहा उत्तरं बरोबर आली. मी खूश झाले, तर तो म्हणाला, “नाणं उडवलं असतं तरी पाच आली असती.” मग जुनं १२८चं लावलं, तेव्हा नऊ वेळा ओळखलं. त्यात झांजांचा आवाज पाण्यातून आल्यासारखा होतो आणि ढोलाचा ठोका कडेला फिसकटतो. एकदा कळलं की मग लपत नाही. पण ३२०? प्रामाणिकपणे सांगते, मला फरक कळला नाही. त्यानं नुसत्या शिट्टीसारखे स्वरही ऐकवले. बारा हजारांच्या पुढचं मला ऐकू आलं नाही, त्याला सतरा हजारांपर्यंत आलं. वयानं वरचे स्वर जातातच. सीडीवर सगळं असलं तरी माझ्या कानांत ते उतरत नाही. म्हणजे मीच आता एमपीथ्री झाले आहे.

मग ती बास गिटार कुठून आली? टीना टर्नर कुठून आली?

उत्तर साधं निघालं आणि म्हणूनच बोचलं. माणसाच्या कानाची आणखी एक खोड आहे. आवाज बारीक केला, की सगळे स्वर सारखे कमी होत नाहीत. खर्जातले स्वर आधी नाहीसे होतात, वरचे पातळ स्वरही मागं पडतात आणि मधले तेवढे उरतात. हे शास्त्रज्ञांनी १९३०च्या दशकातच मोजून ठेवलं आहे. म्हणजे माझ्या कॅसेटवर बास होती, सीडीवर होती, त्या १२८च्या फाईलमध्येसुद्धा होती. फाईलनं ती कापली नव्हती. ती आमच्या फडताळावर, त्या गोल बटणाजवळ कापली जात होती. आणि बटणावर हात माझा होता.

म्हणून मैत्रिणींनो, लॉसलेसवर पैसे खर्च करण्याआधी एक करून बघा. आहे तेच गाणं दार लावून, तासभर, कुणी हाक मारणार नाही अशा वेळी, पुरेशा आवाजात ऐका. शेजारी उठतील एवढ्या नव्हे. हेडफोन असले तर कानाला त्रास होईल एवढ्या तर मुळीच नव्हे. त्यात जेवढं मिळेल, तेवढं कुठल्याही फाईलनं मिळणार नाही. त्यानंतर १२८चं असेल तर बदला, ते बदलण्याजोगंच आहे. लॉसलेस जादा पैशांशिवाय मिळत असेल तर जरूर घ्या. जपून ठेवायला तेच बरं. घडी कधीही पुन्हा घालता येते, कापलेलं सांधता येत नाही. पण फक्त ऐकण्यासाठी त्याच्यामागं धावायला नको.

आता त्या संग्रहाबद्दल बोलते. कारण प्रत्येक आकडा जागच्या जागी असलेला हा आल्बम मी नीट ऐकला आणि मला वाटायला लागलं, की तोटा याच्यातही आहे. तो फाईलच्या आधी, गाणी निवडतानाच झालेला आहे.

चौदा गाण्यांचा हिशेब मांडून बघितला. सहा गाणी एकट्या ‘रेकलेस’ची. तीन १९८३च्या ‘कट्स लाइक अ नाइफ’ची. तीन १९९१च्या आल्बमची, ज्याचं नावच ‘वेकिंग अप द नेबर्स’, म्हणजे शेजाऱ्यांना उठवणं. आमच्या आत्तींच्या नियमात न बसणारं नाव! एक गाणं खास या संग्रहासाठी केलेलं, ‘प्लीज फरगिव्ह मी’. राहिलं एक, ‘हीट ऑफ द नाइट’. ते १९८७च्या ‘इनटू द फायर’मधलं. १९८० आणि १९८१च्या त्याच्या पहिल्या दोन आल्बमांतलं एकही नाही.

‘इनटू द फायर’मध्ये या माणसानं मुलीबाळी, गाड्या, गिटारी बाजूला ठेवून वेगळं काही म्हणायचा प्रयत्न केला होता. ‘रिमेम्बरन्स डे’ हे पहिल्या महायुद्धातल्या सैनिकांचं गाणं त्यात आहे. अमेरिकेतल्या मूळ रहिवाशांवरचं ‘नेटिव्ह सन’ आहे. त्या आल्बमचा खप ‘रेकलेस’एवढा नव्हता. म्हणून निवडकात त्याला एकच खुर्ची, तीही त्यातल्या सर्वांत गाजलेल्या गाण्याला. हा आल्बम मी या वर्षीपर्यंत ऐकलेलाच नव्हता. तीस वर्षं मी समजत होते, की मला ब्रायन ॲडम्स माहीत आहे.

बरं, गाजलेली म्हणावी तर तीही सगळी नाहीत. ‘रेकलेस’ची सहा गाणी अमेरिकेच्या यादीत पहिल्या पंधरांत आली होती. त्यातलं ‘वन नाइट लव्ह अफेअर’ इथं नाही. त्याच्याऐवजी ‘किड्स वॉना रॉक’ आहे. ते वाईट आहे असं नाही, पण कार्यक्रमात उड्या मारायला बरं, खोलीत बसून ऐकताना त्यात दुसऱ्यांदा शोधावं असं काही नाही. मोठा आवाज शेजारच्या बारक्याला झाकतो, तो असा.

निवडक हवंच नको, असं माझं म्हणणं नाही. निवडकामुळंच तर शिकवण्यांच्या तुटपुंज्या पैशांत मला हा गायक भेटला. शिवाय एक गंमत अशी, की वेगवेगळ्या वर्षांची गाणी शेजारी शेजारी आल्यानं त्यांची घडण कळते. ‘रेकलेस’ची गाणी बॉब क्लिअरमाउंटन आणि ॲडम्स यांनी मिळून घडवली. त्यात चार माणसं एका खोलीत वाजवताहेत असं वाटतं. १९९१ची मट लँगबरोबर केलेली. तिथं एका आवाजावर दुसरा, त्यावर तिसरा असे थर आहेत, सारवलेल्या भिंतीसारखे गुळगुळीत. ‘एव्हरीथिंग आय डू’ त्यातलंच. ते इंग्लंडात सलग सोळा आठवडे पहिल्या क्रमांकावर होतं. मला आता ते जरा जास्तच सारवलेलं वाटतं. ‘हेवन’ त्याच्याहून कितीतरी साधं, आणि म्हणून पुन्हा पुन्हा ऐकावंसं. पण हे म्हणायला दोन्ही गाणी एका मापानं, एका बैठकीत ऐकायला मिळावी लागली.

घेणाऱ्यांसाठी आणखी एक सूचना. लॉसलेस म्हणजे जे दिलं ते तंतोतंत. पण दिलं काय, ते आपणच बघायचं. जुन्या गाण्यांच्या नव्या आवृत्त्या काढताना पुष्कळदा हळू आणि मोठ्या जागांमधलं अंतर कमी करून सगळंच मोठं करतात. ती आवृत्ती कितीही लॉसलेस घेतली, तरी गेलेलं अंतर परत येत नाही. शिवाय २०२२ साली ॲडम्सनं आपली गाजलेली गाणी नव्यानं गाऊन पुन्हा काढली आहेत. नाव तेच, माणूस तोच, गळा मात्र साठीपलीकडचा. वाईट नाही गायलेला. पण ‘समर ऑफ सिक्स्टी-नाइन’ शोधलं आणि आपलं वाटेना, तर कान बिघडले असं समजू नका, साल बघा.

त्या गाण्याबद्दल शेवटचं. पहिली गिटार, मित्रांचं वाद्यवृंद, मग एकेकाचं पांगणं, अशी ती आठवण. गाणारा १९६९च्या उन्हाळ्यात नऊ वर्षांचा होता, म्हणजे ती सगळी आठवण जशीच्या तशी त्याची असणं अवघडच. पूर्वी हे मला खटकायचं. आता खटकत नाही. जे घडलं ते जसंच्या तसं कुणाजवळ असतं? माझ्याजवळची त्या गाण्याची आठवणसुद्धा बासशिवायची आहे आणि तिच्यात कुकरच्या तीन शिट्ट्या आहेत. ‘इनटू द फायर’ मी आता रोज थोडं थोडं ऐकते. त्याला शिट्ट्या नाहीत आणि आठवणीही नाहीत. ओळख व्हायची आहे.

परवा मुलगा गेल्यावर मी हेडफोन काढून ठेवले आणि स्वयंपाकघरात मोबाइलवरच ‘हेवन’ लावलं, सवयीनं बारीक. आत्ती आता पंचाऐंशीच्या आहेत, कानाला यंत्र आहे. त्या दारात येऊन उभ्या राहिल्या.

“काय गं, लावलंयस का नुसतं धरलंयस?” त्या म्हणाल्या. “मोठं कर की जरा.”